चौदा ते एक

सीताराम तावडे हवालदाराला सरकार पगार देत होतं तो संशय घ्यायचा. चोर पकडायला, दारूच्या भट्ट्या फोडायला दुसरी माणसं होती. सीतारामनं साध्या कपड्यांत नाक्यावर उभं राहायचं, कोण कुणाशी बोलतो, कुणाच्या हातात कसला कागद आहे, सभेला कुणाकुणाच्या बायका जातात ते पाहायचं आणि संध्याकाळी इन्स्पेक्टरसाहेबांपुढे वही उघडायची. अशी नोकरी आठ वर्षं केली की कढीत मीठ जास्त पडलं तरी माणूस विचारतो, यामागं कोण आहे? सीताराम त्या पायरीला येऊन पोचला होता.

साल अठ्ठावन्न, महिना जानेवारी. दोन वर्षांपूर्वी याच महिन्यात मुंबई महाराष्ट्राला द्या म्हणत रस्त्यावर आलेल्या लोकांवर गोळ्या चालल्या होत्या. मुंबई अजून मिळाली नव्हती. मिळालं होतं ते गुजरातसकटचं द्विभाषिक राज्य, आणि ते कुणालाच नको होतं. जानेवारी उजाडला की खात्याच्या पोटात गोळा येई. त्यात दादरहून एक निनावी पत्र आलं. केडल रोडच्या मागं चौपाटीवर अमावस्या-पौर्णिमेच्या सुमारास एक पांढऱ्या लुगड्यातली बाई पहाटे येते, वाळूत अवाढव्य आकृत्या काढते, आणि शेजारच्या घराच्या दुसऱ्या मजल्यावरून एक इसम तिला रुमालानं खुणा करतो. भानामती आहे की राजकारण, सरकारनं पाहावं.

"भानामती असेल तर सोडून दे," इन्स्पेक्टरसाहेब म्हणाले. "राजकारण असेल तर आण. आणि तावडे, एक धड केस आण रे बाबा. तुझा नायगावच्या लायनीतल्या खोलीचा अर्ज माझ्याच टेबलावर पडलाय."

हे शेवटचं वाक्य सीतारामच्या काळजात जाऊन बसलं. तो राहायचा लालबागच्या एका चाळीत, सासऱ्यानं मागं ठेवलेल्या खोलीत. छप्पन सालापासून त्या चाळीत त्याच्याशी कुणी भांडलं नव्हतं. भांडले असते तर बरं झालं असतं. तिसऱ्या मजल्यावरचा दगडू, गिरणीतला जॉबर, सीतारामबरोबर शनिवारच्या भजनात टाळ कुटायचा, तो मोर्च्याबरोबर गिरगावात गेला आणि परत आला नाही. त्याच दिवशी, त्याच नाक्यावर सीताराम बंदोबस्ताला होता, माणसं कमी पडली म्हणून गणवेश चढवून. चाळीनं त्याला काही विचारलं नाही. त्यानंही काही सांगितलं नाही. फक्त भजनात त्याच्या टाळांना दुसरा धनी मिळाला, आणि त्याची बायको पद्मजा नळावर गेली की बायकांच्या गप्पा बंद पडायला लागल्या. आता संक्रांत होऊन गेली होती. चाळीत घरोघर हळदीकुंकू चाललं होतं, आणि पद्मजा रोज दुपारी वेणी घालून, बरं लुगडं नेसून बसायची. बोलावणं एकाही दाराचं येत नव्हतं. नायगावच्या पोलीस लायनीत सगळीच पोलिसांची बिऱ्हाडं. तिथं कुणी कुणाला तोंड फिरवायचं? सीतारामला ती खोली स्वतःसाठी नको होती, पद्मजेसाठी हवी होती, आणि त्यासाठी तो कुणालाही आणायला तयार होता.

अमावस्येच्या पहाटे तो चौपाटीवर एका उपड्या होडीला टेकून बसला. लेंगा, सदरा, डोक्याला मफलर, हवा खायला आलेल्या माणसासारखा. अमावस्या-पौर्णिमेला भरती बाराला, म्हणजे ओहोटी सहाला, हे कोकणच्या माणसाला सांगावं लागत नाही. पाणी खूप आत गेलं होतं आणि ओली वाळू दूरवर उघडी पडली होती. तेव्हा कुठं त्याला कळलं की अमावस्या-पौर्णिमा का. एवढी मोठी पाटी एरवी पहाटे मिळत नाही. पण कळलं म्हणून संशय गेला असं नाही. कारण सापडलं की त्याच्यामागं दुसरं कारण असतं, असं त्याला खात्यानं शिकवलं होतं.

बाई आली. साठीची, शिडशिडीत, पांढरं लुगडं, चांगल्या घरातली. खांद्यावर बागेतलं दाताळं. तिनं पदर खोचला, चपला काढल्या आणि चालायला लागली. पाच पावलं चालायची, थांबायची, टाचेवर गर्रकन फिरायची. वाळूत वाटीएवढा खळगा पडायचा. पुन्हा पाच पावलं. एक रांग झाली की समुद्राच्या बाजूला सरकून दुसरी, तिच्यात एक खळगा कमी. मग तिसरी. सीतारामनं पेन्सिल काढली. रांगा संपल्या तेव्हा बाई पार पाण्याजवळ पोचली होती आणि शेवटच्या रांगेत एकच खळगा होता. मग तिनं दाताळं हातात घेतलं आणि खळग्यापासून खळग्यापर्यंत वळणं ओढायला लागली. ती ओढायची तशी वाळू काळी होत जायची, चरांत पाणी झिरपून चमकायचं. शेजारच्या जुन्या बंगलीच्या गॅलरीत एक म्हातारा ख्रिस्ती गृहस्थ येऊन उभा राहिला. त्यानं पांढरा रुमाल डावीकडे हलवला. बाईनं एक रेघ पायानं पुसली आणि पुन्हा काढली. त्यानं दोन्ही हात वर केले. बाईनं दाताळं खांद्यावर टाकलं, पाय धुतले आणि निघून गेली. मागं वळून एकदाही पाहिलं नाही. एवढी मेहनत करून मागं वळून न पाहणारी माणसं सीतारामनं फक्त बॉम्ब ठेवणाऱ्यांत ऐकली होती.

घटकाभरानं भरतीची पहिली लाट आली आणि सगळं पुसायला लागली. पुरावा डोळ्यांदेखत जात होता. सीताराम होडीवर बसून वहीत लिहीत सुटला. पहिली रांग चौदा, दुसरी तेरा, तिसरी बारा, असं एकापर्यंत. रिपोर्टात एकूण आकडा लागतो म्हणून त्यानं बेरीज मांडली. साठ, एकोणसत्तर, सत्त्याहत्तर. नव्वदपर्यंत त्याला काही वाटलं नाही. नव्याण्णवला हात मंदावला. एकशे दोन. एकशे चार. एकशेपाच.

त्यानं बेरीज पुन्हा केली. पुन्हा एकशेपाच.

एकशेपाच हा त्या दिवसांत मुंबईत नुसता आकडा नव्हता. गोळ्यांनी गेलेल्या माणसांचा तो आकडा होता. भिंतींवर चुन्यानं लिहिलेला असायचा, सभेत वक्त्यानं उच्चारला की हजारो माणसं गप्प व्हायची. सरकारी कागदांत गेलेली माणसं कमी होती, म्हणून लोक तो आकडा मुद्दाम मोठ्यानं म्हणायचे. सीताराम मात्र तो कधी तोंडानं उच्चारत नसे. रिपोर्टात लिहायची वेळ आली तर 'तो आकडा' असं लिही. आता तोच त्याच्या स्वतःच्या पेन्सिलीतून उतरला होता. त्यानं वही फटकन मिटली, आणि लगेच दुसऱ्या क्षणी नायगावची खोली डोळ्यांपुढे आली.

इन्स्पेक्टरसाहेब वही पाहून खुर्चीतून उठलेच. "एकशेपाच! समुद्रावर! वा रे बाई!" ते म्हणाले. "अशा चिन्हांना आणि आकड्यांना बंदी आहे, आणि ही तर अर्ध्या दादरला दिसतील एवढी काढते. खुणा करणारा आहे म्हणजे टोळीच आली. उद्या मला बंदोबस्त आहे. परवा येतो आणि जाग्यावर पंचनामा करतो. तावडे, बायकोला सांग भांडी बांधायला."

सीतारामनं घरी येऊन भांडी बांधायला सांगितलं नाही. आधी सांगून मग झालं नाही तर, हा त्याचा नेहमीचा संशय. त्यानं वही कोनाड्यात ठेवली आणि पाय धुवायला गेला. परत आला तर वही पद्मजेच्या हातात.

"तुमी रांगोळी कधीपासून काढूक लागलात?" ती हसत विचारत होती. किती महिन्यांनी हसत होती.

"रांगोळी?"

"मगे ह्या काय? चौदा ते एक. कमाळ ता. माझी आये दिवाळीक दारात काढी."

सीताराम पाटावर बसला. "ठिपके कितके आसत ता ठावक आसा तुका?"

"ठिपके कोण मोजता?" पद्मजा म्हणाली. "चौदाक सुरू करायचा नि एकाक संपवायचा. रांग चुकली नाय म्हणजे झाला. पोरीबाळींक विचारा, कोणय सांगात."

सीताराम रात्रभर कूस बदलत राहिला. एखाद्या गोष्टीत पाणी मुरतंय असं वाटून झोप न येणं ही त्याची जुनी सवय होती, पण आज पहिल्यांदाच पाणी दुसऱ्या बाजूनं मुरत होतं. चौदा ते एक. मुंबईतल्या निम्म्या बायकांच्या बोटांत ते कमळ होतं आणि एकीनंही कधी बेरीज केली नव्हती. बेरीज केली ती त्यानं. पण मग ती विधवा बाई पहाटे समुद्रावर का जाते? तो म्हातारा रुमाल का हलवतो? रांगोळी काढायला घराचं दार काय कमी आहे? असे प्रश्न मांडून त्यानं आपल्या संशयाला पुन्हा ताकद दिली आणि ठरवलं की बाईच्याच तोंडून काढून घ्यायचं. तिनं एकदा कबूल केलं की नायगावची खोली शांत मनानं घेता येईल.

दुसऱ्या दिवशी तो होडीपाशी थांबला नाही, सरळ वाळूत उतरला. बाई रांगा संपवून दाताळ्याला टेकून दम घेत होती.

"या, हवालदार," ती म्हणाली. "आज जवळ आलात."

सीताराम गांगरला. "मी... हवा खायला..."

"तुमच्या चपलांच्या तळाला खिळ्यांच्या ओळी आहेत. खात्याच्या चपला. काल सगळ्या किनाऱ्यावर उमटल्या होत्या. वाळूत काम करणाऱ्या माणसाला वाळू वाचता येते." तिच्या बोलण्यात राग नव्हता, थोडी थट्टा होती. "विचारा काय विचारायचं ते. भरती यायला अजून वेळ आहे."

त्यानं नाव विचारलं. सुमतीबाई मानकर. मागच्याच गल्लीत घर, मुलगा वीरेंद्र वकील. जात पाठारे प्रभू. एके काळी दिवाळीत त्यांची रांगोळी पाहायला गिरगावातून घोडागाड्या करून माणसं यायची. चार वर्षांपूर्वी यजमान कमलाकांत गेले आणि दारातली रांगोळी सुनेच्या हातात गेली.

"विधवेनं दारात कमळ काढायचं नसतं," सुमतीबाई म्हणाल्या. "मला कुणी मनाई केली नाही हो. सून चांगली आहे. पण मी डबा हातात घेतला की घरातलं सगळं माणूस श्वास रोखून उभं राहायचं. मग मी डबा देऊन टाकला. हात मात्र देता आले नाहीत. इथं कुणाचं दार नाही. अशुभ झालंच तर समुद्राचं होईल, आणि त्याला पुष्कळ पचवता येतं."

"आणि तो रुमालवाला?"

"बाप्टिस्ट? त्यांच्याच दारासमोर चाललंय सगळं. एवढं मोठं काढलं की काढणाऱ्याला दिसत नाही, हवालदार. मला कधीच पुरतं दिसत नाही. पाकळी वाकडी झाली की ते वरून सांगतात."

सीतारामच्या हातातून एकेक गोष्ट निसटत होती. शेवटी जे विचारायचं ते त्यानं विचारलं. "मग एकशेपाचच का?"

"काय एकशेपाच?"

"ठिपके."

"चौदा ते एक आहेत."

"एकूण, बाई! चौदा आणि तेरा सत्तावीस, आणि बारा एकोणचाळीस..." त्यानं बेरीज बोटांवर म्हणून दाखवली. त्याचा आवाज त्याच्या नकळत चढला होता. सुमतीबाई ओठांत त्याच्याबरोबर मोजत होत्या. शंभरच्या पुढं त्यांचे ओठ थांबले. त्या मटकन ओल्या वाळूत बसल्या आणि समोरच्या खळग्यांकडे पाहत राहिल्या. हे नाटक असेल तर या बाईसारखी नटी जगात नव्हती.

"आईकडून शिकले मी हे," त्या म्हणाल्या. "पन्नास वर्षं काढतेय. मला कधी दिसलं नाही आणि तुम्हांला एका सकाळीत दिसलं." मग त्यांनी मान वर केली. "चोराच्या मनात चांदणं म्हणतात, हवालदार. तुम्ही होतात तिथं?"

हा प्रश्न चाळीतल्या सतरा बिऱ्हाडांनी दोन वर्षांत विचारला नव्हता. पद्मजेनंही नाही. सीतारामला वाटलं आपण रागावू, पण राग आला नाही. रडू येईल की काय अशी भीती मात्र वाटली.

"होतो," तो म्हणाला. "गिरगावात. दोनदा बार काढला. हुकूम होता. गर्दीत गोळ्या सोडल्या, कुणाला लागल्या ते बघूक... बघायला थांबलो नाही. आमच्या चाळीतला एक जण तिथंच पडला. त्याचा भजनात टाळ चांगला वाजायचा."

गॅलरीतून बाप्टिस्ट रुमाल हलवून आज काम का थांबलं म्हणून विचारत होते.

"बाई, ऐका," सीताराम घाईनं म्हणाला. "उद्या साहेब येणार. पंचनामा करणार. मीच रिपोर्ट दिलाय. तुम्ही उद्या येऊ नका. नाही तर तेरा ते एक काढा, एक्याण्णव होतात. पंधरा काढा, एकशेवीस होतात. काहीही काढा, चौदा तेवढं नको."

एवढं बोलून तो चालू पडला, आणि चौपाटी संपेपर्यंत स्वतःवर चडफडला. ही बाई आली नाही तर खोली गेली. तेरा काढले तर खोटा रिपोर्ट दिला म्हणून खोलीबरोबर अब्रूही गेली. मग सांगितलं का? आपल्याला नक्की काय हवंय, याचा आता सीतारामला स्वतःचाच संशय यायला लागला होता.

तिसऱ्या दिवशी ओहोटी उशिरा होती, चांगलं उजाडलं होतं. इन्स्पेक्टरसाहेब गणवेशात, बुटांना वाळू लागू नये म्हणून कोरड्या पट्ट्यात उभे. बाप्टिस्टना त्यांनी वरून बोलावून आणलं होतं.

"पंच व्हायला माझी हरकत नाही, साहेब," बाप्टिस्ट म्हणाले. "पण माझाच रुमाल मुद्देमाल म्हणून जप्त करणार असाल तर आधी सांगा. आज एकच धुतलेला आहे."

साहेब हसले नाहीत. समोर सुमतीबाई काम संपवून उभ्या होत्या. सीतारामनं लांबूनच पहिली रांग मोजली. चौदा. आज रेघा नव्हत्या, पाकळ्या नव्हत्या. नुसते खळगे होते, कालच्यापेक्षा खोल, प्रत्येकाच्या काठावर हातानं थापून केलेली कड.

"हे काय आहे, बाई?" साहेबांनी विचारलं.

"रांगोळी."

"रेघा कुठं आहेत?"

"आज ओढवल्या नाहीत."

"ठिपके किती?"

सुमतीबाईंनी सीतारामकडे पाहिलं. "तुमच्या हवालदाराला मोजता येतात."

"मोज रे," साहेब म्हणाले. "मोठ्यानं. बाप्टिस्ट, तुम्ही ऐका."

सीताराम मोजायला लागला. कागदावर बेरीज करणं वेगळं आणि एकेका खळग्यापाशी जाऊन उभं राहून मोजणं वेगळं. एक. पाच पावलं. दोन. पाच पावलं. प्रत्येक खळग्यात थोडं पाणी साचलं होतं आणि त्यात वाकून पाहणाऱ्याचं तोंड दिसत होतं. तिसरी रांग संपली, चौथी संपली. त्रेसष्टला त्याचा आवाज फुटला. तो तिथंच उभा राहिला.

"पुढं?" साहेब ओरडले.

"चुकलो, साहेब. पुन्हा मोजतो."

मुद्दाम चुकला की खरोखर, हे त्याला पुढंही कधी सांगता आलं नाही. तो पहिल्या रांगेशी परत आला आणि पुन्हा एकपासून सुरू झाला. तोवर भरती लागली होती. समुद्राच्या बाजूचा एकटा खळगा गेला, मग दोनांची रांग, मग तिनांची. सीताराम पाच खळग्यांच्या रांगेशी पोचला तेव्हा पुढं नुसतं पाणी होतं.

"पंच्याण्णव," तो म्हणाला.

"पंच्याण्णव?" साहेब लाल झाले. "एकशेपाच लिहिलेस ना वहीत!"

"आहेत तेवढे मोजले, साहेब."

साहेबांनी चरफडत पेन उघडलं. पंच्याण्णव ठिपक्यांत कसला गुन्हा? तरी आलो आहोत तर काहीतरी लिहावं म्हणून त्यांनी लिहायला घेतलं, "एकूण ठिपके पंच्याण्णव." सीतारामच्या छातीवरचं ओझं उतरत होतं. बाई सुटली होती. खोली गेली तर गेली.

"कमी लिहू नका," सुमतीबाई म्हणाल्या. "दहा पाण्याखाली आहेत. दर वेळी सरकारी कागदात कमीच कसे भरतात?"

सीतारामला त्या बाईचा असा राग आला की सांगता सोय नाही. सुटलेली मान ती आपण होऊन पुन्हा फासात घालत होती. साहेबांचं पेन थांबलं, चेहरा खुलला.

"हवालदार," ते हळूच म्हणाले. "खरं काय ते तू सांग. पंच्याण्णव की एकशेपाच? नीट विचार करून सांग, तुझ्या अर्जावर आजच सही करायची आहे."

एकशेपाच म्हणावं तर बाई कोठडीत आणि पद्मजा नायगावात. पंच्याण्णव म्हणावं तर बाई घरी, आणि दहा माणसं पुन्हा एकदा कुठंच नाहीत. सीतारामनं चपला काढल्या, लेंगा गुडघ्यापर्यंत दुमडला आणि पाण्यात शिरला. पाच पावलं चालून तो अंगठ्यानं तळ चाचपायला लागला. पाण्याखाली वाळू अजून पुरती बसली नव्हती. "शहाण्णव," तो मोठ्यानं म्हणाला. "सत्त्याण्णव." लाट आली की थांबायचा, गेली की पुन्हा चाचपायचा. शेवटच्या खळग्याशी पाणी मांड्यांपर्यंत आलं होतं. "एकशेपाच!"

तो भिजून परत आला तेव्हा साहेब आधीचा आकडा खोडून नवा लिहीत होते.

"पुढचंही लिहा, साहेब," सीताराम म्हणाला. "मोजणारा इसम सीताराम तावडे, हवालदार. छप्पनच्या जानेवारीत गिरगावात बंदोबस्तावर होता. हुकमावरून त्यानं दोन गोळ्या झाडल्या. या एकशेपाचांतला एक तरी आपला असावा असा त्याचा संशय आहे."

"शुद्धीवर आहेस का तू?"

"पूर्ण आहे. एकशेपाच म्हणजे कोण, हे लिहिल्याशिवाय गुन्हा कसा होईल, साहेब? माणसं, असं लिहावं लागेल. मग कशानं मेली तेही आलं, आणि कुणाच्या हातानं तेही आलं. सरकारी आकडा वेगळा आहे, आणि खाली सही तुमची असेल. माझीही घ्या. मी कोर्टात येऊन हेच सांगेन."

इन्स्पेक्टरसाहेब मूर्ख नव्हते. हा कागद वर गेला तर बाईच्या आधी कुणाकुणाला जाब द्यावा लागेल, हे त्यांच्या चेहऱ्यावर एकेक करून दिसत गेलं. त्यांनी कागद फाडला, चार तुकडे केले, आणि वाळूत न टाकता नीट खिशात घातले.

"बाप्टिस्ट," ते म्हणाले, "ही रांगोळी आहे ना?"

"मी तर पहिल्यापासून तेच म्हणतोय," बाप्टिस्ट म्हणाले.

"मग माझा वेळ का फुकट घालवला? तावडे, नायगावचं विसर. आणि उद्यापासून शिवडीच्या गोदीवर ड्यूटी, रात्रपाळी." ते बूट झटकत निघून गेले.

सीताराम ओल्या लेंग्यानं तिथंच उभा राहिला. संध्याकाळी पद्मजेला काय सांगायचं याचा विचार करायला त्याला जमत नव्हतं. तिला सगळंच सांगावं लागणार होतं, गिरगावापासून, आणि ते ऐकून ती पुन्हा हसेल की नाही हे त्याला माहीत नव्हतं. पाणी आता आठांच्या रांगेपर्यंत आलं होतं. सुमतीबाई त्याच्याजवळ आल्या. त्यांनी त्याच्या चपला उचलून आणल्या होत्या, त्या त्याच्या पायांपुढं ठेवल्या.

"हवालदार," त्यांनी विचारलं, "यांतला तुमचा कुठला?"

"ठाऊक नाही, बाई," सीताराम म्हणाला. "म्हणून तर सगळे मोजले."